ज्याच्या हाती माप आहे
सर रिचर्ड टेंपल ह्यांचे चरित्र व त्यापासून घ्यावयाचा बोध

शास्त्रपाठ : लूक १२:४२–४८. सोबत वाचावे : लेवीय २५:२३, नीतिसूत्रे २९:२५, १ करिंथ ४:१–५.



आजच्या शास्त्रपाठात प्रभूने एका कारभाऱ्याचे चित्र आपल्यापुढे ठेविले आहे. घर धन्याचे, कोठार धन्याचे, चाकरही धन्याचेच. कारभाऱ्याच्या हाती केवळ माप आहे. वेळच्या वेळी ज्याला त्याला त्याचा शिधा मोजून द्यावा, एवढेच त्याचे काम. हे काम दिसण्यात सोपे आहे. परंतु माप हाती आले म्हणजे मनुष्याची परीक्षा सुरू होते. हा पाठ मंडळीस नीट समजावा म्हणून आम्ही ह्या वेळी एका इंग्रज जमीनदाराचे व राजकारणी पुरुषाचे चरित्र निवडिले आहे. सर रिचर्ड टेंपल हे ते गृहस्थ होत. आपल्या चांदा मुलुखाच्या जमिनीची व्यवस्था ज्यांच्या अमलात लागली, त्यांपैकी ते एक प्रमुख होते. आणि पुढे लक्षावधी उपाशी माणसांच्या शिध्याचे माप त्यांच्या हाती आले. ते माप त्यांनी दोन वेळा दोन निराळ्या रीतींनी वापरिले. त्यातच आपला आजचा धडा आहे.

१. घराणे व शिक्षण

रिचर्ड टेंपल ह्यांचा जन्म ८ मार्च १८२६ रोजी इंग्लंडात वूस्टरशर परगण्यातील केम्प्सी गावी झाला. सेव्हर्न नदीच्या काठच्या ह्या गावी ‘द नॅश’ नावाची त्यांच्या घराण्याची वाडी व जमीन होती. त्यांची आई लुइझा ही रिव्हेट-कार्नॅक घराण्यातली. ह्याच घराण्यातील सर जेम्स रिव्हेट-कार्नॅक १८३९ ते १८४१ पर्यंत मुंबईचे गव्हर्नर होते. ह्याप्रमाणे मुलाच्या एका बाजूस कुळांची शेती व दुसऱ्या बाजूस हिंदुस्थानची नोकरी अशा दोन वाटा घरातच होत्या.

त्यांचे शिक्षण रग्बी येथील प्रसिद्ध शाळेत झाले. डॉक्टर थॉमस आर्नल्ड हे धर्मशील गुरु तेव्हा तेथील मुख्याध्यापक होते. पुढे ईस्ट इंडिया कंपनीच्या हेलीबरी येथील विद्यालयातून उत्तीर्ण होऊन विशीच्या सुमारास ते बंगालच्या मुलकी नोकरीत दाखल झाले. पंजाबात जॉन लॉरेन्स ह्यांच्या हाताखाली त्यांनी चिटणिसाचे काम केले. भराभर लिहिणे, घोड्यावर लांबलांब मजला मारणे आणि वरिष्ठांच्या मनातील गोष्ट ताडून ती पार पाडणे ह्यांत त्यांचा हातखंडा होता. हा शेवटचा गुण वाचकांनी ध्यानात ठेवावा. पुढे त्याचे काम पडणार आहे.

२. चांद्याच्या मुलुखाशी संबंध

नागपूरचे भोसल्यांचे राज्य १८५४ साली इंग्रजांनी खालसा केले व त्याबरोबर चांदाही त्यांच्या अमलाखाली गेला. १८५८ साली ह्या रानात बंड झाले. मोलमपल्लीचे बाबुराव शेडमाके ह्यांस २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांदा येथे फाशी देण्यात आली. ह्या गोष्टीस पुरती चार वर्षे झाली नव्हती तोच, १८६२ साली, टेंपल साहेब नव्या मध्यप्रांताचे चीफ कमिशनर होऊन नागपुरास आले. १८६७ पर्यंत हा अधिकार थोड्याफार खंडाने त्यांच्याकडे होता.

आल्याबरोबर त्यांनी प्रांतभर दौरे केले. वैनगंगा, वर्धा, प्राणहिता व गोदावरी ह्या नद्यांची माहिती त्यांनी करून घेतली. गोदावरीतून जहाजे वर आणावीत अशी त्या वेळी मोठी योजना चालू होती. तिच्यासाठी प्राणहितेवर देवलमरीपाशी कामही आरंभिले होते. परंतु खडकांपुढे उपाय चालेना आणि १८७१ साली ती योजना सोडून देण्यात आली.

टेंपल साहेबांच्या अमलातील जी गोष्ट टिकली ती जमिनीची. मराठ्यांच्या राज्यात गावचा वसूल गोळा करून सरकारात भरणारा तो मालगुजार. त्याच्या हाती वसुली असे, पण गाव त्याच्या मालकीचे नसे. १८६० नंतरच्या दशकात जी जमाबंदी झाली तिच्यात ह्या मालगुजारांस गावांचे मालकी हक्क देण्यात आले. चांदा जिल्ह्याची ही जमाबंदी लूसी स्मिथ नावाच्या अधिकाऱ्याने १८६९ पर्यंत पुरी केली. पूर्वेकडील रानातील अहेरी, मुरुमगाव, पानाबारस इत्यादी जमीनदारांचे हक्कही चौकशी करून ठरविण्यात आले. पुष्कळ वर्षे वहिवाट असलेल्या कुळांस काही संरक्षण मिळाले, हे खरे. तथापि ज्याचे नाव कागदावर, त्याची जमीन, असा काळ आला. आणि ज्या गोंड, माडिया व परधान बांधवांचे नाव कोणत्याच कागदावर नव्हते, ते पिढ्यान्‌पिढ्यांच्या रानात परके ठरले. १८६५ साली जंगलाचा पहिला कायदा झाला. रान तोडून व जाळून करावयाच्या फिरत्या शेतीवर बंधने आली.

टेंपल साहेब स्वतः जमीनदाराचे पुत्र होते. गावास एक धनी असला म्हणजे तो जमिनीची निगा राखील, तळी बांधील, कुळांस सांभाळील, ही समजूत त्यांच्या देशातील जमीनदारवर्गात मुरलेली होती. काही ठिकाणी तसे झालेही. आपल्या भागात ज्यांस ‘मामा तलाव’ म्हणतात ती माजी मालगुजारांची तळी आजही धानास पाणी देतात. परंतु पुष्कळ ठिकाणी धन्याने तळ्यापेक्षा खंडाकडेच अधिक लक्ष दिले. हे मालकी हक्क ३१ मार्च १९५१ रोजी कायद्याने संपले. रानाचा हक्क मिळण्यास त्याहून फार अधिक काळ लागला. वनहक्काचा कायदा २००६ साली झाला, आणि धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) ह्या गावास त्याच्या रानावरील सामूहिक हक्क २००९ साली मिळाला. एका लेखणीने जे निसटले ते परत येण्यास सुमारे दीडशे वर्षे लागली. भूमी परमेश्वराची आहे व माणसे तिच्यावर पाहुणी आहेत, हे लेवीयाच्या पंचविसाव्या अध्यायातील शिक्षण जमिनीचे कागद करणारा विसरला म्हणजे किती पिढ्या त्याची भरपाई करावी लागते, हे ह्यावरून दिसते.

३. हिस्लॉप साहेबांचे कागद

ह्याच काळातील एक गोष्ट मिशनाच्या लोकांनी कृतज्ञतेने आठवण्याजोगी आहे. स्कॉटलंडच्या फ्री चर्च मिशनाचे रेव्हरंड स्टीव्हन हिस्लॉप हे १८४५ पासून नागपुरास सेवा करीत होते. सुवार्ता सांगत ते गावोगाव हिंडत. वाटेत दगड, जीवाश्म व वनस्पती तपासीत. आणि गोंड लोकांची बोली, चालीरीती व गाणी लिहून ठेवीत. ज्यांच्या भाषेस लिपी नाही, त्यांच्या तोंडचा शब्द लिहून ठेवण्याजोगा आहे, असे मानणारे त्या काळी थोडेच होते.

सप्टेंबर १८६३ मध्ये हिस्लॉप व टेंपल हे दोघे नागपूरच्या दक्षिणेस टाकळघाट येथील प्राचीन शिलावर्तुळे पाहावयास गेले होते. तेथून परतताना ४ सप्टेंबरच्या सायंकाळी बोरीजवळील ओढ्यास आलेल्या पुरात हिस्लॉप साहेब बुडून मरण पावले. त्यांचे सेहेचाळिसावे वर्षही पुरे झाले नव्हते.

मृत मित्राचे कागद टेंपल साहेबांनी वाया जाऊ दिले नाहीत. ते जमवून, त्यांस टीपा व प्रस्तावना जोडून, १८६६ साली त्यांनी नागपुरास छापविले. लिंगो देवाची लांब गोंडी कथा त्या ग्रंथात आहे. राज्यकारभाराच्या ओझ्याखाली असताही त्यांनी ह्या कामास वेळ दिला, ही त्यांच्या चरित्रातील उजळ बाजू होय. मिशनरीने रानातील मनुष्याचा शब्द ऐकिला आणि अधिकाऱ्याने तो जपला. जमिनीच्या कागदात ज्यांस जागा मिळाली नाही, त्यांची वाणी निदान ह्या कागदांत राहिली.

४. दोन दुष्काळ

आता आपण पाठाच्या गाभ्याकडे येऊ.

१८६६ साली ओरिसात भयंकर दुष्काळ पडून सुमारे दहा लक्ष माणसे मेली. सरकारने धान्य वेळेवर आणिले नाही, हा डाग राज्यकर्त्यांस लागला. म्हणून १८७३ च्या अखेरीस बिहारात पाऊस अपुरा झाला तेव्हा मदतीच्या देखरेखीस टेंपल साहेबांची नेमणूक झाली. आणि १८७४ साली ते बंगालचे लेफ्टनंट गव्हर्नरही झाले. त्यांनी हात आखडला नाही. ब्रह्मदेशातून सुमारे साडेचार लाख टन तांदूळ आणविला. वाहतुकीस गाड्या, बैल व नावा लाविल्या. काम करू शकणाऱ्यांस काम व पोटभर मजुरी दिली. म्हाताऱ्यांस, आजाऱ्यांस व लेकुरवाळ्यांस फुकट शिधा दिला. परिणाम असा झाला की त्या दुष्काळात भुकेने मेलेल्यांची संख्या अगदी थोडी राहिली.

ह्या कामाबद्दल त्यांची स्तुती झाली असती तर नवल नव्हते. पण झाले उलटेच. सहा कोटींहून अधिक रुपये खर्च झाले, तांदूळही काही उरला, आणि कलकत्त्यापासून लंडनपर्यंत त्यांस उधळ्या म्हणून दोष देण्यात आला. ‘द इकॉनॉमिस्ट’ ह्या लंडनच्या पत्राने तर अशी तक्रार केली की, आपणांस जगविणे हे सरकारचे कर्तव्य आहे असे ह्यामुळे हिंदी लोकांस वाटू लागेल. माणसे जगली ही गोष्ट हिशेबाच्या वहीत कोठेच मांडिली गेली नाही. मांडिला गेला तो उरलेला तांदूळ.

दोनच वर्षे लोटली. १८७६ साली मद्रास, म्हैसूर व मुंबई इलाख्यांत पाऊस गेला. आपल्या दक्षिणेतील पुणे, नगर, सोलापूर व विजापूर ह्या भागांवर तो दुष्काळ कोसळला. व्हाइसरॉय लॉर्ड लिटन ह्यांनी १८७७ च्या जानेवारीत टेंपल साहेबांसच खास प्रतिनिधी करून पाठविले. ह्या वेळी हुकूम काटकसरीचा होता. टेंपल साहेबांनी दुष्काळी कामावरील धडधाकट पुरुषाची रोजची मजुरी एक पौंड धान्याची किंमत व एक आणा एवढीच ठरविली. एक पौंड म्हणजे सुमारे अर्धा शेर. अर्ध्या शेरावर दिवसभर खडी फोडावयाची व माती वाहावयाची! लोकांनी ह्या मजुरीस ‘टेंपल मजुरी’ असेच नाव दिले.

मद्रास इलाख्याचे आरोग्याधिकारी डॉक्टर कॉर्निश ह्यांनी ह्यास उघड विरोध केला. काम करणाऱ्या मनुष्यास निदान दीड पौंड धान्य व त्यावर डाळ-भाजी पाहिजे, असे त्यांचे म्हणणे होते. मुंबई इलाख्यात हजारो मजुरांनी ह्या मजुरीवर राबण्याचे नाकारून कामे सोडिली. पुण्याच्या सार्वजनिक सभेने, गणेश वासुदेव जोशी ज्या सभेचे आधारस्तंभ होते, त्यांची बाजू सरकारापुढे मांडिली. त्याच वर्षी मद्रास सरकारने मजुरी काहीशी वाढविली. परंतु तोवर छावण्यांत रोग शिरला होता. १८७६ ते १८७८ ह्या काळात त्या दुष्काळाने पन्नास लाखांहून अधिक माणसे नेली.

वाचकहो, हे दोन दुष्काळ शेजारी शेजारी ठेवून पाहा. अधिकारी तोच. त्याचा अनुभव तोच. किंबहुना दुसऱ्या वेळी अधिकच. पोटभर दिल्याने माणूस जगतो, हे त्याने आपल्या डोळ्यांनी पाहिले होते. मग माप का बदलले? बिहारच्या उधळपट्टीचा ठपका धुऊन काढावा व वरिष्ठांची मर्जी राखावी, ह्या ओढीने ते बदलले, असे पुष्कळ इतिहासकार सांगतात. मनुष्याची भीती ही पाश होते, असे जे नीतिसूत्रांत शिकविले आहे, त्याचे ह्याहून बोलके उदाहरण मिळणे कठीण. टेंपल साहेब क्रूर नव्हते. त्यांनी दोन्ही वेळा रात्रंदिवस कष्ट केले. पण पहिल्या वेळी त्यांची दृष्टी भुकेल्याकडे होती व दुसऱ्या वेळी हिशेब तपासणाऱ्याकडे. दृष्टी फिरली तसे माप फिरले.

५. त्याच दुष्काळातील दुसरे माप

ह्याच १८७७ साली तेलुगु मुलुखात ओंगोल येथे जॉन क्लाउ नावाचे अमेरिकन बाप्तिस्त मिशनरी होते. त्यांनी बकिंगहॅम कालव्याच्या साडेतीन मैलांच्या खोदाईचा मक्ता घेतला व उपाशी लोकांस तेथे काम दिले. विसाव्याच्या वेळी उपदेशक त्यांस सुवार्ता सांगत. हजारो लोक बाप्तिस्मा मागू लागले. परंतु क्लाउ साहेबांनी दुष्काळ असेतोवर एकासही बाप्तिस्मा दिला नाही; भाकरीसाठी कोणी प्रभूचे नाव घेऊ नये, अशी त्यांची इच्छा. मदत संपली, मक्ता संपला, तरी लोक आलेच. तेव्हा ३ जुलै १८७८ ह्या एका दिवशी २,२२२ जणांचा बाप्तिस्मा झाला.

भाकरीचे माप हाती असता त्यांनी त्याचा उपयोग लोकांस दबविण्यासाठी केला नाही, की आपला अहवाल फुगविण्यासाठीही केला नाही. आपल्यांतील प्रत्येक उपदेशकाने हे मनात कोरून ठेवावे.

६. उत्तर आयुष्य व कुटुंब

१८७७ ते १८८० पर्यंत टेंपल साहेब मुंबईचे गव्हर्नर होते. त्याआधीच, १८७६ साली, त्यांस बॅरोनेट ही वंशपरंपरेची पदवी मिळाली होती. १८८० साली पार्लमेंटच्या निवडणुकीस उभे राहण्यासाठी त्यांनी गव्हर्नरपद सोडिले. पण त्या वेळी ते पडले. पुढे १८८५ साली आपल्याच परगण्यातील ईव्हशॅम मतदारसंघातून कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षातर्फे ते निवडून आले, आणि १८९२ ते १८९५ किंग्स्टनचे प्रतिनिधी होते. लंडनच्या स्कूल बोर्डाचे उपाध्यक्ष म्हणून गरिबांच्या मुलांच्या शाळांसाठीही त्यांनी श्रम केले. त्यांनी चित्रे काढिली व आत्मचरित्र लिहिले. १५ मार्च १९०२ रोजी हॅम्पस्टेड येथे त्यांचा अंत झाला.

त्यांचा पहिला विवाह १८४९ साली शार्लट मार्टिनडेल ह्यांच्याशी झाला. त्या १८५५ साली, मुले अगदी लहान असताच, निवर्तल्या. दुसरा विवाह १८७१ साली मेरी लिंडसे ह्यांच्याशी झाला. वडील पुत्र रिचर्ड कार्नॅक टेंपल (१८५०–१९३१) ह्यांनी पंजाबातील लोककथा गोळा करून छापिल्या, ‘इंडियन अँटिक्वरी’ ह्या मासिकाचे अनेक वर्षे संपादन केले, व अंदमान बेटांचे चीफ कमिशनर म्हणून काम पाहिले. बापाने हिस्लॉपांनी जमविलेली गोंडी कथा छापिली व मुलाने गवयांच्या तोंडच्या कथा जमविल्या. हा वारसा जमिनीपेक्षा अधिक टिकला. धाकटे पुत्र चार्ल्स लिंडसे टेंपल (१८७१–१९२९) हे आफ्रिकेत उत्तर नायजेरियाचे लेफ्टनंट गव्हर्नर झाले. त्यांनाही परक्या लोकांवर राज्य करण्याचाच अधिकार मिळाला. म्हणजे एका घरातील दोन पिढ्यांच्या हाती किती जणांचे माप आले, ह्याचा विचार करावा.

७. आपणांस बोध

कोणी म्हणेल, हे गव्हर्नर व पार्लमेंटचे लोक; आम्हा खेड्यातल्या माणसांस ह्यांच्याशी काय करावयाचे? आम्ही म्हणतो, माप लहान असो वा मोठे, परीक्षा एकच. टेंपल मजुरीस बरोबर शंभर वर्षे झाली तेव्हा, १९७७ साली, महाराष्ट्राने रोजगार हमीचा कायदा केला. मागेल त्यास काम मिळावे, हा हक्क कायद्यात आला. पण खोदलेल्या मातीचे माप घेणारा मनुष्य शेवटी गावातलाच असतो. तेंदूपानांची पुडकी मोजणारा मुंशी, मोहफुले तोलणारा व्यापारी, रास्त भावाच्या दुकानात तांदूळ देणारा, शाळेत मुलांस खिचडी वाढणारी बाई, ग्रामसभेत यादी लिहिणारा, मंडळीच्या दानाचा हिशेब ठेवणारा पंच, ह्या सर्वांच्या हाती माप आहे. ज्याचे नाव यादीतून गळले त्याची चूल त्या दिवशी पेटत नाही.

तीन गोष्टी आम्ही मंडळीपुढे ठेवितो.

पहिली : चांगले केल्याबद्दल दोष आला म्हणून चांगले सोडू नये. बिहारात टेंपल साहेबांनी योग्य ते केले होते. टीका ऐकून त्यांनी ते चुकीचे मानिले, ही त्यांची खरी हानी. १ करिंथ ४ मध्ये पौल मनुष्यांच्या न्यायनिवाड्यास किती थोडे महत्त्व देतो, ते वाचावे.

दुसरी : ज्याचे नाव कागदावर नाही तोही धन्याच्या घरचाच आहे. माप घेऊन बसल्यावर आधी त्याची विचारपूस करावी.

तिसरी : ज्याला पुष्कळ कळले त्याच्याकडून पुष्कळ मागितले जाते, असे प्रभू शिकवितो. टेंपल साहेबांस उपाय ठाऊक होता, म्हणून त्यांची जबाबदारी अजाण मनुष्याहून मोठी. आपण सुवार्ता ऐकिली आहे. आपली जबाबदारीही तशीच.

असो. चरित्रे वाचावयाची ती मेलेल्यांस दोष देण्यासाठी नव्हे. त्यांचे हिशेब देवाच्या हाती गेले; आपला अजून लिहिला जात आहे. धनी येईल तेव्हा कोठारात किती उरले हे तो पाहीलच; परंतु त्याआधी घरातील कोण उपाशी निजला, हे तो विचारील.

उपदेशकांनी मंडळीस विचारावयाचे प्रश्न

१. लूक १२ मधील कारभाऱ्याच्या हाती कोणते काम होते? कोठार कोणाचे होते?
२. मालगुजारांस मालकी मिळाली तेव्हा आपल्या गावात कोण सुटून गेले असावे? जुन्या माणसांस विचारून सांगा.
३. हिस्लॉप साहेबांनी गोंडी कथा का लिहून ठेविली असेल? आपण आपल्या शेजाऱ्याची भाषा किती शिकलो?
४. १८७४ व १८७७ ह्या दोन सालांत टेंपल साहेबांच्या मापात कोणता फरक पडला व का?
५. क्लाउ साहेबांनी दुष्काळात बाप्तिस्मा का दिला नाही?
६. ह्या आठवड्यात माझ्या हाती कोणाचे माप आहे? ह्याचे उत्तर मोठ्याने देऊ नये, प्रार्थनेत द्यावे.